आवाज अडतो तो कोठें ?

गणेशचतुर्थीच्या संध्याकाळीं आरतीला उभें राहिलें म्हणजे एक चमत्कार घरोघर पाहावयास मिळतो. एरवीं चार माणसांत तोंड न उघडणारी धाकटी सून, परीक्षकांपुढें स्वतःचें नांव सांगतांना ज्याच्या घशास कोरड पडते तो कॉलेजांतला पुतण्या, आणि पाहुण्यांसमोर कविता म्हणावयास सांगितली कीं आईच्या पदराआड दडणारी सहा वर्षांची नात, हीं सगळीं झांजांच्या ठेक्यावर अशा खुल्या गळ्यानें आरती म्हणतात कीं, ती तिसऱ्या घरीं ऐकूं जावी. आरती संपते, प्रसाद वांटला जातो, आणि कोणी म्हणालें, "आतां तूं एकटी एक पद म्हण पाहूं," कीं तोच गळा पुन्हां मिटतो. क्षणापूर्वीं होता तो आवाज गेला कोठें ?

आवाज कमवावा कसा, भाषणांत व गाण्यांत तो स्वच्छ व मोकळा कसा व्हावा, हा प्रश्न सुशिक्षित कुटुंबांतून अलीकडे वारंवार विचारला जातो. मुलामुलींना मुलाखती द्यावयाच्या असतात, सुनांना शाळा-कचेऱ्यांतून बोलावें लागतें, आणि घरांत निदान एक तरी माणूस गाणें शिकत असतें. या प्रश्नावर ज्येष्ठमधाची कांडी, मिठाच्या गुळण्या, हळदीचें दूध असे उपाय कोणीतरी वडीलधारें माणूस हटकून सुचवितें. त्यांस आमचा विरोध नाहीं. परंतु आरतीच्या अनुभवावरून एवढें तरी दिसतें कीं, दोष बहुधा गळ्याचा नसतो. तो कशाचा असतो याचें उत्तर आम्हांला कोणा गवयाच्या बैठकींत न सांपडतां, जेथें तें शोधावयास सहसा कोणी जाणार नाहीं अशा ठिकाणीं, म्हणजे जामखेडास, सांपडलें.

जामखेड हें अहमदनगर जिल्ह्यांतलें (या जिल्ह्यास आतां अहिल्यानगर म्हणतात) तालुक्याचें गांव. पाऊस बेभरंवशाचा, पीक मुख्यतः ज्वारीचें, आणि हंगामांत ऊसतोडणीसाठीं घरदार गाडीवर घालून बाहेर पडणारीं कुटुंबें पुष्कळ. इतिहासाच्या पुस्तकांत या तालुक्यांतलीं दोन गांवें येतात : १७९५ सालीं मराठे आणि निजाम यांचा सामना जेथें झाला तें खर्डें, आणि १७२५ सालीं अहिल्याबाई होळकर जेथें जन्मल्या तें चौंडी. रयतेचीं गाऱ्हाणीं स्वतः ऐकून न्याय देणारी राज्यकर्ती म्हणून अहिल्याबाईंची ख्याति आहे. त्यांच्याच तालुक्यांतल्या खेड्यापाड्यांतल्या बायांना मात्र आपलें गाऱ्हाणें उघड बोलून दाखवावयास पुढें जवळजवळ दोनशें वर्षें थांबावें लागलें.

१९७० सालीं डॉ. रजनीकांत आरोळे व डॉ. मेबल आरोळे हें दांपत्य जामखेडास आलें. दोघेंही वेलोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजांत शिकलेलीं, अमेरिकेंत जाऊन पुढील शिक्षण घेतलेलीं. शहरांत बसून दोघांनाही चांगला पैसा मिळविणें अवघड नव्हतें. त्यांनीं येथें ग्रामीण आरोग्याचा जो प्रकल्प उभारला त्याची कीर्ति पुढें सर्व जगांत गेली; १९७९ सालीं त्यांस मॅगसेसे पुरस्कार मिळाला व १९९० सालीं पद्मभूषण. मेबलबाई १९९९ सालीं व डॉ. रजनीकांत २०११ सालीं निवर्तले. त्यांच्या वैद्यकाविषयीं लिहिण्याचा आमचा अधिकार नाहीं. आम्हांला येथें सांगावयाचें आहे तें त्या कामाच्या ओघांत घडलेल्या एका निराळ्याच गोष्टीविषयीं.

प्रारंभीं त्यांनीं खेड्यांत शिकलेल्या परिचारिका ठेवून पाहिल्या. तें जमलें नाहीं. बाहेरून आलेल्या मुलीला गांवांत एकटें राहणें कठीण, आणि गांवच्या बाया तिच्याशीं मोकळेपणीं बोलेनात. तेव्हां गांवानेंच आपल्यांतली एक बाई निवडावी, व तिलाच शिकवून तयार करावें, असा विचार ठरला. अशा निवडल्या गेलेल्या बाया बहुतेक निरक्षर होत्या; कित्येक तर ज्यांना गांवच्या विहिरीवर पाणी भरण्याची बंदी होती त्या जातींतल्या. दर आठवड्यास त्या जामखेडास येत, निरनिराळ्या जातींच्या बाया एकत्र जेवत, एकत्र झोंपत, आणि दुसरे दिवशीं आपापल्या गांवीं परत जात.

त्यांना शिकविण्यांतली पहिली अडचण औषधांच्या नांवांची होती असें कोणास वाटेल. पण या बायांनीं पुढें सांगितलेल्या हकीकतींत वारंवार जी येते ती अडचण दुसरीच आहे : चारचौघांत बोलण्याची भीति. खेड्यांतल्या बाईला नांव विचारावें, तर ती "अमक्याची आई" म्हणून सांगणार, किंवा शेजारणीकडे पाहणार. आणि जिला स्वतःचें नांव मोठ्यानें घेतां येत नाहीं, तिनें गांवच्या पारावर उभें राहून, पाटलासमोर, सासऱ्यासमोर, "पोरांना देवीची लस टोंचून घ्या" असें सांगावयाचें कसें ?

येथें वाचकांनीं एक गोष्ट ध्यानांत घ्यावी. या बायांचे गळे दुबळे होते काय ? मुळींच नाहीं. पहांटे, अंधार असतां, जात्यावर बसून दोन दोन पायल्यांचें दळण दळणारी बाई ओवी म्हणते ती जात्याच्या घरघरीवर स्वर चढवून. खुंट्याच्या फेऱ्याशीं तिचा श्वास जुळलेला असतो. अर्ध्या फेऱ्यांत श्वास घ्यावयाचा व पुढील दीड-दोन फेऱ्यांत तो पुरवून सोडावयाचा, हें तिला कोणीं शिकविलेलें नसतें. हेमा राईरकर व गी पॉइटविन यांनीं महाराष्ट्राच्या खेड्यांतून अशा ओव्या गोळा केल्या त्या लाखाच्या वर भरल्या. बाप, भाऊ, सासुरवास, पंढरी, दुष्काळ, नवऱ्याचा मार, यांपैकीं कोणताच विषय त्यांनीं सोडलेला नाहीं. म्हणजे गळाही होता, श्वासही होता, शब्द तर ओसंडून वाहात होते. मात्र ऐकणारें असे तें जातें, आणि फार तर समोर बसलेली जाऊ. दिवस उजाडून पुरुषमंडळी ओटीवर आली कीं हा सारा आवाज पदराआड जाई. गायकाच्या भाषेंत सांगावयाचें तर त्यांचा षड्ज पक्का होता, सभा नव्हती.

जामखेडास त्यांना आवाजाचे धडे असे कोणीं दिले नाहींत. शिकलेली गोष्ट आपल्याच शब्दांत सर्वांना सांगावयाची, गेल्या आठवड्यांत आपल्या गांवीं काय घडलें तें सांगावयाचें, चूक झाली असेल तर तीही सांगावयाची, आणि जें लोकांना पटवावयाचें त्याचीं गाणीं करून म्हणावयाचीं, असा परिपाठ होता. सगळ्यांत मोठी गोष्ट म्हणजे त्या बोलत असतां डॉक्टर ऐकत. आम्हांला वाटतें, सारी किमया येथें आहे. ज्याच्यापुढें बोलण्याची भीति त्यानेंच मान हलवून "पुढें ?" असें म्हटलें, कीं घशांतली गांठ आपोआप सुटूं लागते.

१९८८ सालीं अमेरिकेंत वॉशिंग्टन येथें आंतरराष्ट्रीय आरोग्य परिषद भरली असतां जामखेडच्या मुक्ताबाई पोळ यांना तेथें बोलावयास नेलें होतें. देशोदेशींच्या डॉक्टरांनीं व अधिकाऱ्यांनीं भरलेलें सभागृह, वर मोठमोठीं झुंबरें, आणि व्यासपीठावर ही खेड्यांतली बाई. तिनें प्रथम त्या झुंबरांकडे बोट केलें. तुमच्यासारखे डॉक्टर या झुंबरांप्रमाणें आहेत, अशा आशयाचें ती बोलली : पाहावयास सुंदर, पण महाग, आणि गरिबाच्या हाताला न लागणारे. मग पिशवींतून दोन साध्या पणत्या काढून तिनें एक पेटविली व तिच्यावर दुसरी लाविली. झुंबराला हें साधत नाहीं, पणतीला साधतें, आणि आम्ही बाया तशा पणत्या आहोंत, असा तिचा मथितार्थ. सभागृह उभें राहिलें. ही हकीकत आरोळे दांपत्यानें आपल्या जामखेडवरील ग्रंथांत नमूद केली आहे.

या भाषणांत अलंकारशास्त्राचा अभ्यास नव्हता, उच्चारांची कमावणूक नव्हती. परंतु उत्तम वक्त्याला जें जें लागतें तें त्यांत होतें : एकच मुद्दा, डोळ्यांना दिसणारी वस्तु, घाई नाहीं, आणि आपण बोलतों तें खरें आहे ही खातरी. आमच्या सुशिक्षितांच्या सभांतून, सत्कार-समारंभांतून, यांपैकीं दोन गोष्टी सांपडल्या तरी आम्ही धन्य मानतों.

पण खातरी असून भागत नाहीं. ती दुसऱ्याच्या कानापर्यंत पोंचली पाहिजे, आणि येथें मराठी बोलणाऱ्यांनीं जपावी अशी एक विशेष गोष्ट आहे. आपल्या भाषेंत क्रियापद वाक्याच्या शेवटीं येतें, व नकार तर अगदीं शेवटीं. पुष्कळांना मात्र अशी खोड असते कीं वाक्याचा आरंभ जोरांत करावा, आणि शेवटाकडे श्वास संपत आला कीं आवाज खालीं सोडून द्यावा. परिणाम असा कीं, जो शब्द वाक्याचा प्राण तोच ओठांत मरतो. पोराला हगवण लागली कीं त्याचें पाणी तोडावयाचें, ही समजूत एके काळीं खेड्यांत सर्वत्र होती व तिनें अगणित मुलें दगावलीं. आतां अशा घरीं जाऊन कोणी सांगितलें, "पोराचें पाणी बंद करायचें नाहीं," आणि शेवटचा "नाहीं" घशांत राहिला, तर काय होईल ? एक लिटर उकळून निवविलेलें पाणी, सहा सपाट चहाचे चमचे साखर, अर्धा चमचा मीठ, हें प्रमाण सांगतांना "अर्धा" हा शब्द नीट ऐकूं गेला नाहीं, तर औषधच अपाय करावयाचें. आवाज स्वच्छ असणें ही शोभेची बाब नव्हे, हें जामखेडसारख्या ठिकाणीं जसें कळतें तसें वक्तृत्वस्पर्धेंत कळत नाहीं.

आमच्या पूर्वजांनीं या विषयाचा विचार केला नव्हता असें नाहीं. वेदांगांत शिक्षा हें पहिलें अंग, आणि पाणिनीय शिक्षेंत वाईट पाठकांचे सहा प्रकार सांगितले आहेत : गाण्यासारखा हेल काढून वाचणारा, घाईनें वाचणारा, मान हलविणारा, नुसतें लिहिलेलें वाचून दाखविणारा, अर्थ न कळतां वाचणारा, आणि दबल्या आवाजाचा. (यांतील चौथा प्रकार आमच्या आजच्या सभांतून इतका बोकाळला आहे कीं, कागद वाऱ्यानें उडाला तर कित्येक वक्त्यांना स्वतःचा विषयही आठवणार नाहीं.) त्याच ग्रंथांत उच्चार कसा असावा याला वाघिणीचा दृष्टांत दिला आहे. ती पिलांना दांतांत धरून नेते, पण पिलूं खालीं पडूंही देत नाहीं आणि त्याला दांतही लागूं देत नाहीं. अक्षरें तशीं धरावीं. आणि चांगल्या पाठकाचे जे सहा गुण सांगितले आहेत त्यांत माधुर्य, अक्षरांची स्पष्टता, पदें वेगळीं करणें, सुस्वरता, लय यांच्या जोडीला एक गुण "धैर्य" हा आहे. शतकानुशतकें घोकंपट्टी करतांना आम्हीं बाकीचे पांच गुण उचलले, आणि हा सहावा घरांतल्या अर्ध्या माणसांना, म्हणजे स्त्रियांना, शिकविण्याचें कधीं मनावर घेतलें नाहीं. अध्ययनाचीच बंदी, तेथें पाठाचे गुण कोठले !

आतां यंत्राकडे वळूं. गळ्याच्या पुढील भागीं बोट ठेवून "म" असा लांब स्वर काढला तर जें थरथरतें तें स्वरयंत्र. त्यांत दोन लहान स्वरतंतु आहेत. फुप्फुसांतला वायु त्यांमधून वर येतांना ते कंप पावतात. साधारण बोलण्यांत पुरुषाचे तंतु सेकंदास शंभर ते सवाशें वेळां, स्त्रीचे दोनशेंच्या आसपास, व लहान मुलाचे याहूनही अधिक वेळां मिटतात व उघडतात. या तंतूंनीं निर्माण केलेला मूळ नाद अगदीं सामान्य असतो. घसा, तोंड व नाक यांच्या पोकळींत घुमून त्याला रंग येतो. म्हणजे सतारीला तार, भोपळा व नखी लागते, त्याप्रमाणें आवाजाला तंतु, पोकळी आणि श्वास. यांपैकीं तंतूंवर आपला साक्षात् ताबा फार थोडा. श्वासावर मात्र पुष्कळ आहे, आणि सर्वसाधारण माणसाची चूक ही कीं, तो श्वासाचें काम गळ्याकडून करवूं पाहतो. मोठ्यानें बोल म्हटलें कीं मानेच्या शिरा ताणतात, खांदे वर जातात, आणि आवाज मोठा न होतां नुसता चिरका होतो.

खरा श्वास छाती व पोट यांमधील पडद्यानें घ्यावयाचा. निजून पाहिलें तर हें सहज कळतें. उताणें निजावें, पोटावर एक जाडसें पुस्तक ठेवावें (पंचांगही चालेल), आणि श्वास घेतांना पुस्तक वर येतें कीं नाहीं तें पाहावें. खांदे हलले तर चुकलें. मग "स्" असा बारीक आवाज काढीत श्वास हळूहळू सोडावा. पहिल्या दिवशीं दहा सेकंद टिकला तर महिन्याभरांत वीस-पंचवीस टिकेल. तोच श्वास तोंड मिटून "म्" म्हणत सोडला कीं ओठांना व नाकाच्या मुळाशीं गुदगुल्या झाल्यासारखें होतें. तें झालें म्हणजे नाद पुढें आला असें समजावें. नंतर तोंड उघडून "आ". लहान मुलांना आम्हीं असें पाहिलें आहे कीं, ओठ उघडतात पण दांत मिटलेलेच असतात. दोन बोटें उभीं मावतील इतका जबडा खालीं सोडावयास सांगितलें कीं निम्मा गढूळपणा जातो.

गाणाऱ्यांची खर्ज-साधना ही याचीच पुढची पायरी. पहांटे तंबोऱ्यावर खालचा षड्ज लावून तोच स्वर घटकाभर धरून बसणें अलीकडच्या मुलांना कंटाळवाणें वाटतें, आणि तें साहजिक आहे. पण त्यांत आवाज मोठा करण्याचा हेतु नसतो. हलणारा आवाज एका जागीं स्थिर करण्याचा असतो. अब्दुल करीम खाँसाहेबांचा आवाज जात्या बारीक. त्यांनीं तो फुगवून रुंद करण्याचा हट्ट धरला नाहीं. त्याच बारीक आवाजाचा सुरेलपणा त्यांनीं असा वाढविला कीं पुढें किराणा घराण्याची ती ओळखच होऊन बसली. त्यांच्या कन्या हिराबाई बडोदेकर यांनीं कुलीन घरांतल्या मुलीहि जेथें निःसंकोच येऊन बसतील अशा जाहीर बैठकी रूढ केल्या. दुसऱ्या बाजूनें मुंबईस प्रा. बी. आर. देवधर यांनीं १९२५ सालीं संगीतविद्यालय काढून, पाश्चात्त्यांच्या आवाज-साधनेचा अभ्यास करून, गळ्यास न दुखवितां तयारी कशी करावी याचा विचार आपल्या विद्यार्थ्यांपुढें मांडला. कुमार गंधर्व त्यांच्याच हाताखालीं तयार झाले. गळा फाडल्यावांचून विद्या येत नाहीं, या समजुतीला असा शह मिळावयास हवाच होता.

घरीं गाणें शिकविणाऱ्या पालकांनीं एका बाबतींत जपावें. पेटी एकच, वाजविणारा बाप किंवा काका, आणि त्याच्या सोयीच्या काळी एक पट्टींत मुलीनें गावें असा आग्रह. मुलीचा आवाज त्या पट्टींत खालीं दबतो, वरचें सप्तक पुरुषी होतें, आणि चार वर्षांनीं "हिचा गळाच नाहीं" असा निकाल लागतो. मुलींना साधारणतः काळी चार किंवा तिच्या आसपासची पट्टी सोयीची पडते. ज्या स्वरावर ती न ताणतां आरंभ करूं शकेल तोच तिचा षड्ज. मुलांच्या बाबतींत बारा ते पंधरा वर्षांच्या सुमारास आवाज फुटतो. स्वरयंत्र झपाट्यानें वाढत असल्यानें कालचा स्वर आज सांपडत नाहीं. त्या काळांत त्याला हंसूं नये, आणि वरच्या स्वरांची सक्तीहि करूं नये; हलकें गावें, खालचे स्वर सांभाळावे, ऐकावें पुष्कळ.

आवाज बसला कीं आपल्याकडे दोन चुका हटकून होतात. एक, सारखें खाकरणें. त्यानें स्वरतंतु एकमेकांवर आपटतात व सूज वाढते. दुसरी, घोटून घोटून कुजबुजत बोलणें, जेणेंकरून विश्रांति मिळेल असें वाटतें आणि प्रत्यक्षांत ताण पडतो. त्यापेक्षां एक-दोन दिवस अगदीं थोडें व सहज बोलावें, पाणी पुष्कळ प्यावें, वाफ घ्यावी. शिक्षकांच्या घशाचे हाल तर विचारूं नयेत. साठ साठ मुलांच्या वर्गांत, रस्त्यावरच्या गोंगाटावर ओरडून, वर्षानुवर्षें ते स्वरतंतूंवर लहान गांठी वाढवून घेतात. घोगरेपणा तीन आठवड्यांहून अधिक टिकला तर ज्येष्ठमध बाजूला ठेवून कान-नाक-घशाच्या डॉक्टराकडे जावें. तंबाखू खाणाऱ्या व ओढणाऱ्या माणसानें तर त्याहूनही आधीं. या एका वाक्यासाठीं कोणी हा लेख वाचला तरी आमचें काम झालें.

आणि एवढें सगळें करूनही सून बोलत नाहीं, नात पदराआड जाते, तेव्हां ? आमच्या एकत्र कुटुंबांत सकाळपासून रात्रीपर्यंत किती वेळां "हळू बोल" हें वाक्य उच्चारलें जातें तें कोणीं एक दिवस मोजून पाहावें. हळू बोल, बाहेर मंडळी बसलीं आहेत. हळू बोल, बाबा निजले आहेत. हळू हंस, मुलीच्या जातीला शोभत नाहीं. ज्या मुलीनें हें वीस वर्षें ऐकलें तिला एकविसाव्या वर्षीं मुलाखतींत, "जरा मोठ्यानें बोला" असें सांगून काय उपयोग ? दुसरी अशीच संवय म्हणजे बोलणाऱ्याचें वाक्य दुसऱ्यानें पुरें करणें. जेवणाच्या पंक्तीला मुलगा शाळेंतली हकीकत सांगूं लागला कीं आई तारीख दुरुस्त करते, आत्या मास्तरांचें नांव सांगते, आजोबा तात्पर्य काढतात, आणि मुलगा भात कालवीत बसतो. त्याला घाईनें बोलण्याची खोड लागते ती येथें. पुरुषांनीं तोडण्याच्या आंत वाक्य संपवावें, एवढाच त्या घाईचा अर्थ.

वास्तविक मोकळेपणानें बोलणें म्हणजे सारखें बोलणें नव्हे. याच जिल्ह्यांत, नगरजवळच्या मेहेराबादेस, मेहेरबाबांनीं १० जुलै १९२५ पासून जें मौन धरलें तें १९६९ सालीं देह ठेवीपर्यंत सोडलें नाहीं. प्रथम अक्षरांच्या फळीवर बोट फिरवून व पुढें हातांच्या खुणांनीं ते आपलें म्हणणें सांगत. आणि याच जिल्ह्यांत नेवाशास, शके १२१२ मध्यें, ज्ञानेश्वरांनीं गीतेवरची टीका सांगितली व सच्चिदानंदबाबांनीं ती उतरून घेतली अशी परंपरा आहे. मराठीचा हा श्रेष्ठ ग्रंथ लेखणीच्या आधीं आवाजांत आला, आणि सांगणाऱ्याचें वय तेव्हां विशीच्या आंतच होतें. त्या वयाच्या मुलाला आज आपण वडीलमंडळींत कितपत बोलूं देतों ?

आमच्या परिचयाच्या एका घरीं आजीबाईंना दोन वर्षांपासून कमी ऐकूं येतें. कानाचें यंत्र आणलें, पण तें त्यांना टोंचतें. संध्याकाळीं दिवेलागणीनंतर पोथी वाचण्याचें काम पूर्वीं थोरल्या मुलाकडे होतें. त्याची बदली झाली, आणि तें धाकट्या सुनेकडे आलें. ही सून लग्न होऊन आली तेव्हां तिचा आवाज घरांत कोणीं नीट ऐकलाच नव्हता. पहिल्या दिवशीं तिनें चार ओव्या वाचल्या, आजीबाई म्हणाल्या, "कांहीं ऐकूं आलें नाहीं ग, पुन्हां वाच." तिनें पुन्हां वाचल्या. "शब्द कळले, पण शेवट खाल्लास." तिसऱ्यांदा वाचल्या. असें वर्षभर चाललें. आतां ती त्याच घरांतून रोज सकाळीं शाळेंत जाऊन आठवीला भूगोल शिकविते, आणि शेवटच्या बांकावरच्या मुलालाही तिचा "नाहीं" ऐकूं जातो. मागच्या आठवड्यांत आम्ही गेलों तेव्हां वाचन चाललें होतें. सासरे बाहेर फोनवर बोलत होते, म्हणून संवयीनें ती मध्येंच आवाज उतरवूं लागली. आजीबाईंनीं पोथीवर हात ठेवला आणि बाहेर पाहून म्हणाल्या, "अरे, जरा हळू बोल. आंत वाचन चाललें आहे."